पेनड्राइव्हवर ऑडॅसिटी घेऊन फिरायचं असेल तर

सतत बाहेर रेकॉर्डिंग करत असाल तर एक पेनड्राइव्ह फक्त ऑडॅसिटीसाठी, म्हणजे आवाज रेकॉर्ड आणि एडिट करायच्या सॉफ्टवेअरसाठी, ठेवाच. फुकट आहे, ओपन सोर्स आहे आणि विंडोजच्या मशीनवर इन्स्टॉल न करताही चालते. ऑफिशियल साइटवरून इन्स्टॉलर नको, झिप घ्या, पेनड्राइव्हवर एक्स्ट्रॅक्ट करा आणि ज्या फोल्डरमध्ये ऑडॅसिटीची ईएक्सई (प्रोग्रॅम सुरू करायची फाइल) दिसते तिथेच 'पोर्टेबल सेटिंग्ज' नावाचा नवा फोल्डर करा, नाव इंग्रजीत, मधे एक स्पेस. झालं, आता तुमचे शॉर्टकट वगैरे सगळं तुमच्यासोबतच फिरतं.

पेनड्राइव्ह आधी एक्सफॅटला फॉरमॅट करून घ्या. फॅट३२ या जुन्या फॉरमॅटवर एक फाइल ४ जीबीच्या पुढे जात नाही, आणि ऑडॅसिटी बाय डिफॉल्ट ३२ बिट फ्लोटमध्ये (जास्त बारकाईच्या, म्हणून जास्त जागा खाणाऱ्या क्वालिटीत) काम करते म्हणजे ४४१०० हर्ट्झला एक तास स्टिरिओ झाला जवळपास सव्वा जीबी, वर अनडूसाठी जुना ऑडिओही प्रोजेक्टमध्येच राहतो, त्यामुळे पूर्ण ट्रॅकवर तीन इफेक्ट मारले की ४ जीबी ओलांडलीच समजा.

आता सगळ्यात महत्त्वाचं. पेनड्राइव्ह न्यायला-आणायला आहे, त्याच्यावर थेट एडिटिंग करू नका. २०२१ च्या ३.० व्हर्जनपासून अख्खा प्रोजेक्ट एका एयूपी३ फाइलमध्ये असतो, ती आतून डेटाबेस आहे आणि काम चालू असताना त्यात सारखं लिहिणं चालू असतं. मी एकदा घाईत प्रोजेक्ट उघडा असतानाच पेनड्राइव्ह उपसला, ४० मिनिटांच्या मुलाखतीचं दोन तासांचं कटिंग गेलं, फाइल परत उघडलीच नाही, मूळ वेव्ह (WAV) ऑडिओ फाइल रेकॉर्डरमध्ये होती म्हणून निदान आवाज तरी वाचला. तेव्हापासून प्रोजेक्ट आधी डेस्कटॉपवर कॉपी करतो, तिथे काम, मग ऑडॅसिटी बंद, मग परत कॉपी आणि इजेक्ट. कॉपी करताना शेजारी बघा, त्याच नावाची शेवटी डब्ल्यूएएल असलेली फाइल दिसत असेल तर प्रोजेक्ट अजून उघडा आहे किंवा नीट बंद झालेला नाही, तेव्हा थांबा.

नॉइजचं म्हणाल तर रेकॉर्डिंगच्या वेळीच, कोणी बोलायच्या आधी, खोलीची दहा सेकंदांची शांतता घेऊन ठेवा. तेवढाच तुकडा सिलेक्ट करून नॉइज रिडक्शनमध्ये नॉइज प्रोफाइल घ्या, मग सगळा ट्रॅक सिलेक्ट करून ६ डीबी (डेसिबल) लावा. फॅनची घरघर राहिलीच तर १२ पर्यंत जा, त्यापुढे माणूस पाण्याखालून बोलल्यासारखा वाटायला लागतो, आणि थोडी घरघर राहिलेली परवडते पण तसा आवाज नाही.

हेडफोन वायरचाच घ्या, ब्लूटूथला आवाज उशिरा येतो.

जपून ठेवायला वेव्ह, पाठवायला एमपी३. आणि मशीन दुसऱ्याचं असेल तर डेस्कटॉपवरची कॉपी रिसायकल बिनमधूनसुद्धा काढूनच उठा, समोरचा माणूस विश्वासाने बोललेला असतो.