घोणस अळी झाडावर दिसली तर नेमकं काय करायचं

2022 च्या पावसाळ्यात व्हॉट्सअ‍ॅपवर एका अळीचे फोटो धडाधड फिरत होते, चावली की माणूस जातो, उसात शिरू नका वगैरे. त्या भीतीने काही लोक खरंच शेतात जायचे थांबले. तर आधी हे घ्या की घोणस अळी जीव घेत नाही आणि ती चावतही नाही, तिच्या अंगावरच्या पोकळ काट्यांत विष असतं, ते काटे कातडीत मोडतात आणि मग आग आग होते. ही अळी काही बाहेरून आलेली नाही, आपल्याकडचीच जुनी आहे, आंबा, डाळिंब, नारळ, एरंड, केळी, गुलाब काहीही खाते आणि बांधावरच्या गवतातही सापडते.

आधी ओळख पटवा. हिच्यात जाती बऱ्याच आहेत पण फळझाडांवर नेहमी दिसणारी पोपटी-पिवळट असते, पाठीवर निळसर पट्टे आणि दोन्ही बाजूंनी काटेरी झुपके. पूर्ण वाढली की इंच-दीड इंच. पाय दिसतच नाहीत, गोगलगायीसारखी सरकत चालते. पतंग हिरव्या पंखांचा, कडा तपकिरी, रात्री दिव्यावर येतो आणि तो झाडाला काहीच करत नाही, मोठेपणी तो काही खातच नाही.

आता झाड तपासायचं. वरून बघून उपयोग नाही, पान उलटं करा. मादी पानाच्या मागे चपटी अंडी पुंजक्याने घालते, एकावर एक थोडी चढलेली. त्यातून निघालेल्या लहान अळ्या एकाच पानावर घोळक्याने राहतात आणि खालचा हिरवा थर खरवडतात, त्यामुळे पान जाळीदार, पांढरट पडतं. हीच वेळ आहे बघा!! एक पान तोडलं की अख्खा घोळका गेला. नंतर त्या पांगतात आणि फक्त मधली शीर ठेवून पानं फस्त करतात, नारळाच्या झापाचे नुसते हीर उरतात, मग शिडी लावून एकेक शोधत बसा. म्हणून ऑगस्ट ते ऑक्टोबर आठवड्यातून एकदा तरी फेरी मारा, पूर्ण बाह्यांचा शर्ट आणि जाड हातमोजे घालून.

सापडलेलं पान कात्रीने कापून साबणाच्या पाण्याच्या बादलीत टाकायचं, पांगलेल्या अळ्या चिमट्याने. पायाखाली चिरडू नका, काटे उडतात आणि मेलेल्या अळीचे काटेही लागतात.

घरची पाच-दहा झाडं असतील तर एवढ्यावर भागतं, फवारणीची गरज मला तरी वाटत नाही. बाग मोठी असेल तर 5 टक्के निंबोळी अर्क मारा, म्हणजे 10 लिटर पाण्याला अर्धा किलो निंबोळी पावडर, रात्रभर भिजवून सकाळी फडक्यातून गाळायची, थोडा साबण घालायचा आणि संध्याकाळी पानांच्या मागून फवारायचं. हे लहान अळ्यांवर चालतं, मोठ्या दाद देत नाहीत. रासायनिक औषध मारायची वेळ आलीच तर सहायक कृषी अधिकाऱ्याला (पूर्वीचा कृषी सहायक) अळीचा फोटो दाखवून, दुकानदार देईल ते नको, विशेषतः फळं तोडणीला आली असतील तेव्हा.

काटे लागले तर चोळायचं नाही, खाजवायचं नाही. लागलेल्या जागी सेलोटेप चिकटवून ओढा, दरवेळी नवा तुकडा घेऊन तीन-चार वेळा, काटे टेपला येतात. मग साबणाने धुवा, बर्फ फडक्यात गुंडाळून लावा, खाण्याचा सोडा पाण्यात कालवून लेप दिला तरी बरं वाटतं. आग काही तासांत उतरते, बारीक पुरळ एखाद दिवस जास्त राहील. पण श्वास लागला, ओठ-तोंड सुजलं, चक्कर आली किंवा काटा डोळ्यात गेला तर टेप-बिप करत न बसता सरळ दवाखाना गाठा, काही जणांना अ‍ॅलर्जी जोरात येते.

पावसाळा संपला की अजून एक काम असतं, ते बहुतेक लोक विसरतात. खोडावर आणि जाड फांद्यांवर टणक, अंडाकृती, सालीच्याच रंगाचे कोष चिकटलेले असतात, पुढची पिढी त्यातून येते. जुन्या सुरीने खरवडून काढा, हातमोजे तेव्हाही हवेत कारण कोषावरही टोचणारे बारीक केस असतात. मात्र एखाद्या अळीच्या अंगावर बारीक पांढरे कोष चिकटलेले दिसले तर तिला हात लावू नका, ते कोष छोट्या गांधीलमाश्यांचे आहेत, आतून अळी खाऊन बाहेर आलेल्या, त्या बागेत जेवढ्या वाढतील तेवढं तुमचं काम कमी.