थ्रीडीएसचा गेम पीसीवर चालवायचाय? मग की शोधत बसू नका

पीसीवर एमुलेटर (कन्सोलची नक्कल करणारं सॉफ्टवेअर) टाकला, निन्टेंडोच्या थ्रीडीएस कन्सोलच्या गेमची फाईल उघडली आणि फाईल एनक्रिप्टेड, म्हणजे लॉक केलेली, आहे असा मेसेज आला की बहुतेक जण लगेच नेटवर की ची, म्हणजे ते लॉक उघडणाऱ्या कोडची, फाईल शोधायला लागतात. नका शोधू. एकतर त्या की निन्टेंडोच्या, दुसरं म्हणजे तसल्या साईटवरच्या झिपमधून काय निघेल त्याचा नेम नाही, आणि स्वतःचा कन्सोल न् कार्ट्रिज असेल तर त्याची गरजच पडत नाही.

आधी भानगड काय ते बघा. कार्ट्रिजवरचा गेम १२८ बिट एईएस या एनक्रिप्शन पद्धतीने लॉक असतो आणि हे लॉक बँकेच्या लॉकरसारखं आहे, दोन चाव्या लागतात. एक, की-एक्स, कन्सोलच्या आत असते. दुसरी, की-वाय, गेमच्या फाईलमध्येच असते, हेडरमधल्या (सुरुवातीच्या माहितीच्या भागातल्या) डिजिटल सहीचे पहिले १६ बाईट म्हणजेच ती. दोन्ही एकत्र करून खरी की बनवायचं काम कन्सोलमधलं हार्डवेअर करतं, म्हणून नुसती फाईल पीसीवर आणून काही होत नाही.

सिट्रा हा थ्रीडीएसचा एमुलेटर होता तेव्हा लोक या की टेक्स्ट फाईलमध्ये भरून द्यायचे, प्रत्येक की म्हणजे ३२ हेक्स अक्षरं, एक अक्षर चुकलं की गेम उघडायचा नाही. मार्च २०२४ मध्ये युझू या निन्टेंडो स्विचच्या एमुलेटरवाल्यांनी निन्टेंडोशी २४ लाख डॉलरला सेटलमेंट केली आणि त्याच टीमचा म्हणून सिट्राही बंद झाला. त्याच्याच कोडवरून पुढे अझाहार हा एमुलेटर आला आणि त्याने सुरुवातीलाच एनक्रिप्टेड गेम घेणं बंद केलं. मला तर हे बरंच वाटलं, की चा घोळच संपला.

तर लॉक कन्सोलवरच काढायचं. कन्सोलवर लुमा (बदललेली सिस्टीम) आणि गॉडमोड९ (फाईली हाताळायचं टूल) आधीपासून आहे असं धरतो (नसेल तर तो वेगळा विषय, घाई करू नका). कार्ट्रिज घाला, स्टार्ट दाबून धरून कन्सोल चालू करा, गॉडमोड९ उघडेल. त्यात गेमकार्ट ड्राईव्हमध्ये जा, नावात ट्रिम असलेली फाईल निवडा. ट्रिमच का, तर ४ जीबीच्या कार्ट्रिजची पूर्ण फाईल फॅट३२ फॉरमॅटच्या एसडी कार्डवर बसत नाही, लिमिटपेक्षा बरोब्बर एक बाईट जास्त होते! मग ए दाबा, एनसीएसडी ऑप्शन्समध्ये डिक्रिप्ट फाईल करा, फाईल एसडी कार्डवर जीएम९ च्या आउट फोल्डरमध्ये येते. या कामात कन्सोलच्या आतल्या मेमरीत काहीच लिहायचं नसतं, तसली परवानगी मागितली तर चुकीच्या जागी शिरलात, बी दाबून बाहेर या.

ईशॉप या निन्टेंडोच्या ऑनलाईन दुकानातून घेतलेला गेम असेल तर गॉडमोड९ च्या टायटल मॅनेजरमधून सीआयए (इन्स्टॉल करायची फाईल) बनवा, तीही तशीच डिक्रिप्ट करा आणि अझाहारच्या फाईल मेन्यूतून इन्स्टॉल करा. दुकान मार्च २०२३ मध्ये बंद झालं तरी आधी विकत घेतलेलं परत डाऊनलोड करता येतं.

कार्ट्रिजवाली फाईल पीसीवर कॉपी करून तिच्या नावाच्या शेवटचं थ्रीडीएस हे एक्स्टेंशन काढा, तिथे सीसीआय लिहा आणि अझाहारमध्ये तो फोल्डर जोडा. कन्सोलच्या सिस्टीम फाईल्स लागल्या तर त्याही नेटवरून घेऊ नका, आर्टिक सेटअप टूल कन्सोलवर टाका, दोन्ही मशीन एकाच वायफायवर ठेवा, स्क्रीनवर दिसतो तो आयपी अझाहारमध्ये टाका, बाकीचं तो स्वतः ओढून घेतो.