सातवीनंतर मोठ्या गावच्या हायस्कुलात

जिल्हा परिषदेची शाळा सातवीला संपली की आसपासच्या गावांतली, वाड्यांवरची मुलं मोठ्या गावच्या एकाच हायस्कुलात आठवीला येतात. त्यातली बरीच पहिल्या दोन महिन्यांत मागे पडतात. पोरं हुशार असतात, अडतं ते एसटीपाशी आणि कागदांपाशी.

आधी कागद. जुन्या शाळेचा दाखला हातात पडला की तिथेच उभं राहून वाचा: मुलाचं, वडिलांचं, आईचं नाव, आडनाव, जन्मतारीख, जात. मग तो आधार कार्डाशी ताडून बघा. चूक असेल तर जुन्या शाळेच्या जनरल रजिस्टरवरून तिथेच दुरुस्त करून घ्या. नाहीतर हायस्कुलात ती चूक जशीच्या तशी उतरते, दहावीच्या फॉर्मवर जाते आणि पुढे निस्तरायला फार त्रास होतो.

मुलींना एसटीचा पास मोफत आहे, मुलांना एक तृतीयांश भाडं भरावं लागतं. शाळेचं पत्र लागतं, ते पहिल्याच आठवड्यात मागा. खरी अडचण शनिवारची. त्या दिवशी शाळा सकाळची असते आणि गाडीची वेळ रोजचीच. एकट्या पालकाच्या अर्जाने वेळ बदलत नाही. कोणत्या थांब्यावर किती मुलं चढतात याचा तक्ता करून मुख्याध्यापकांच्या पत्रासोबत आगार व्यवस्थापकांकडे द्यावा.

सेमीची तुकडी, म्हणजे गणित-विज्ञान इंग्रजीतून, घ्यायची का, हे घाईने ठरवू नका. ‘समांतरभुज चौकोन’ पाठ असलेलं मूल ‘पॅरॅललोग्रॅम’ ऐकून गप्प बसतं. गणित येतच असतं, शब्द अडतो. उन्हाळ्याच्या सुट्टीत गणित-विज्ञानाच्या संज्ञांची दुहेरी वही केली तर सेमी जमते. ती तयारी नसेल तर मराठी माध्यमात राहणंच चांगलं.

आठवीतली सर्वांत मोलाची गोष्ट म्हणजे एनएमएमएस, ही केंद्र सरकारची शिष्यवृत्ती परीक्षा. घरचं वार्षिक उत्पन्न साडेतीन लाखांपर्यंत आणि सातवीला 55 टक्के (अनुसूचित जाती-जमातींना 50) असतील तर अनुदानित शाळेतलं मूल बसू शकतं. निवड झाली तर नववी ते बारावी वर्षाला 12,000 रुपये मिळतात. दोन पेपर, प्रत्येकी 90 प्रश्न, 90 मिनिटं. बुद्धिमत्तेच्या पेपरात मुलं वेळेला कमी पडतात, म्हणून जुलैपासून रोज 20 प्रश्न घड्याळ लावून सोडवायला लावा. दुसऱ्या पेपरात विज्ञान 35, समाजशास्त्र 35 आणि गणित 20, तरी बहुतेक घरी तयारी गणिताचीच होते. उणे गुण नाहीत, एकही प्रश्न कोरा सोडू नये. तहसीलमधून उत्पन्नाचा दाखला वेळेत काढून ठेवा. निवड होऊनही पैसे अडकतात ते आधारवरचं नाव आणि शाळेतलं नाव जुळत नाही म्हणून, नाहीतर दरवर्षीचं नूतनीकरण राहून जातं म्हणून. हे बघून फार वाईट वाटतं, कारण पोराने आपलं काम चोख केलेलं असतं.

नववीत खर्च वाढतो. पोषण आहार आणि मोफत पाठ्यपुस्तकं आठवीपर्यंतच असतात. पुस्तकं दहावीत गेलेल्या मुलांकडून एप्रिलमध्येच मागून ठेवा. आणि डबा द्याच. सकाळी नऊची गाडी धरणारं मूल संध्याकाळी साडेसहाला घरी पोचतं.