टेक्सासमध्ये हँडगनचं लायसन्स काढताय? या चुका टाळा

१ सप्टेंबर २०२१ पासून टेक्सासमध्ये एकवीस वर्षांवरच्या, कायद्याने पात्र असलेल्या माणसाला हँडगन जवळ बाळगायला लायसन्स लागत नाही. तेव्हापासून ह्यूस्टन, डॅलस, ऑस्टिनकडच्या आपल्या लोकांत दोन समज पक्के झालेत. एक म्हणजे, आता लायसन्स काढायचंच कशाला? आणि दुसरा, एकदा डीपीएसने (टेक्सासच्या सार्वजनिक सुरक्षा विभागाने) लायसन्स दिलं की आपण कुठेही मोकळे. दोन्ही चुकीचे आहेत, आणि दुसरा जास्त महागात पडतो.

लायसन्सचा उपयोग आजही आहे. तीसहून जास्त राज्यं टेक्सासचं लायसन्स मानतात. दुकानात पिस्तूल घेताना दर वेळी होणारी फेडरल तपासणी लायसन्स दाखवलं की टळते. आणि शाळेपासून १,००० फुटांच्या आत भरलेलं पिस्तूल नेणं हा फेडरल गुन्हा आहे; त्यातून सूट मिळते ती त्याच राज्याचं लायसन्स असणाऱ्याला. गावात गाडी चालवताना शाळेजवळून न जाता कुठे पोचता येतं? त्यामुळे बाळगायचंच ठरवलं असेल, तर लायसन्स काढूनच बाळगा, असं माझं स्पष्ट मत आहे.

हे लायसन्स पूर्वी ‘कन्सील्ड हँडगन लायसन्स’ म्हणून ओळखलं जायचं. २०१६ पासून त्याला ‘लायसन्स टू कॅरी’, म्हणजे एलटीसी म्हणतात. अर्जाची फी ४० डॉलर. बहुतेकांना धास्ती असते ती नेमबाजीच्या परीक्षेची. पण आपल्या लोकांच्या अडचणी तिथे क्वचितच येतात. त्या येतात अर्ज भरण्याच्या आधीच.

व्हिसावर असताना पिस्तुलाला हात लावणं

ही सगळ्यात मोठी चूक आहे आणि ती अगदी सरळमार्गी माणसांकडून होते.

लायसन्स राज्य देतं, पण पिस्तूल जवळ ठेवता येईल की नाही हे आधी फेडरल कायदा ठरवतो. नॉन-इमिग्रंट व्हिसावर अमेरिकेत आलेल्या माणसाला बंदूक किंवा काडतूस बाळगायला फेडरल कायद्याने मनाई आहे. एच-१बी, एल-१, एफ-१, एच-४, आईवडील येतात तो बी-२, हे सगळे त्यात आले. टॅक्स भरता, घर घेतलंय, पंधरा वर्षं इथेच आहात, याने काही फरक पडत नाही. ग्रीन कार्ड असेल तर ही मनाई लागू होत नाही. शिक्षेची कमाल मर्यादा २०२२ च्या कायद्याने १० वरून १५ वर्षांवर नेली आहे.

‘बाळगणं’ म्हणजे फक्त विकत घेणं नव्हे. नेमबाजीच्या रेंजवर भाड्याने पिस्तूल घेऊन चार गोळ्या झाडणं हेही बाळगणंच. पुण्याहून, नाशिकहून आईवडील येतात, नायगरा होतो, नासा होतं, आणि मग एखाद्या शनिवारी मुलगा बाबांना हौसेने रेंजवर नेतो. कानाला मफ, डोळ्यांना गॉगल, हातात ग्लॉक पिस्तूल, असा बाबांचा फोटो फॅमिली ग्रुपवर जातो. बाबा बी-२ वर आलेले असतात. त्या फोटोत फेडरल गुन्ह्याचा पुरावा आहे, हे घरात कुणाच्या डोक्यातही नसतं. कृपा करून हे करू नका. बाबांना दाखवायला टेक्सासमध्ये दुसरं पुष्कळ आहे.

तसंच नवरा-बायकोचं. एकाकडे ग्रीन कार्ड, दुसरा अजून व्हिसावर, अशी घरं पुष्कळ आहेत. ग्रीन कार्डवाल्याने पिस्तूल घेतलं तर ते कुलूपबंद हवं आणि त्याची किल्ली किंवा कोड व्हिसावरच्या जोडीदाराकडे असता कामा नये. ‘घरात आहे, दोघांनाही उघडता येतं’ ही परिस्थिती त्या जोडीदाराच्या अंगाशी येऊ शकते.

या मनाईला एक अपवाद आहे आणि त्याची चर्चा ऑफिसातल्या मित्रांत बरीच होते: शिकारीचं लायसन्स. वैध हंटिंग लायसन्स असलेल्या व्हिसाधारकाला फेडरल कायदा सूट देतो, हे खरं आहे. पण टेक्सासचं वार्षिक हंटिंग लायसन्स दर वर्षी ३१ ऑगस्टला संपतं. नूतनीकरण राहिलं की सूट गेली, आणि पिस्तूल मात्र कपाटात तसंच. एका तारखेवर एवढी मोठी जोखीम टांगून ठेवावी असं मला वाटत नाही. ग्रीन कार्ड होईपर्यंत थांबा. अर्ज प्रलंबित असेल, हातात नुसतं वर्क परमिट असेल, तर तुम्ही शेवटचं देशात कसे शिरलात यावर उत्तर बदलू शकतं. तिथे मित्राचं ऐकू नका, इमिग्रेशन वकिलाला फी देऊन विचारा.

ग्रीन कार्डवाल्यांनीही गाफील राहू नये. बंदुकीसंबंधी गुन्ह्यात दोषी ठरलं तर ग्रीन कार्ड असूनही देशाबाहेर काढता येतं. नागरिकाला जी चूक दंडावर किंवा थोड्या शिक्षेवर निभावते, तीच आपल्याला इथलं सगळं आयुष्य घालवायला लावू शकते.

‘ती केस तर डिसमिस झाली’ म्हणून न लिहिणं

अर्जात अटक आणि खटल्यांची माहिती विचारतात. इथे लोक फसतात ते वकिलाच्या जुन्या शब्दांवर. टेक्सासमध्ये डिफर्ड अ‍ॅडज्युडिकेशन नावाचा प्रकार आहे: गुन्हा कबूल करायचा, ठरावीक मुदत नीट वागायचं, आणि शेवटी केस डिसमिस. नोकरीच्या फॉर्मवर ते चालून जातं. पण एलटीसीच्या कायद्यात हीसुद्धा ‘शिक्षा’च धरली जाते. क्लास ए किंवा बी गुन्हा (फेलनीहून कमी गंभीर) असेल तर पाच वर्षं लायसन्स मिळत नाही. पार्टीहून येताना दारू पिऊन गाडी चालवल्याचा पहिला गुन्हासुद्धा क्लास बी असतो. चालू असलेली केस निकालात निघेपर्यंतही अर्ज नाकारला जातो. मुलांच्या पोटगीची किंवा सरकारी कराची थकबाकी असेल तर तेही कारण पुरतं.

जे आहे ते लिहा आणि कोर्टाच्या अंतिम आदेशाची प्रत जोडा. जुनं काही असेल तर काउंटीच्या क्लार्ककडून ती प्रत आधीच मागवून ठेवा. डीपीएस तपासणारच आहे. लपवलेलं तिथे सापडलं की मूळ केसपेक्षा खोटं बोलण्याची अडचण मोठी होते.

गांजाचंही तसंच. कोलोरॅडोत किंवा कॅलिफोर्नियात राज्याने परवानगी दिली असली तरी फेडरल कायद्याने मनाई आहे, आणि पिस्तूल घेताना जो ४४७३ नंबरचा फॉर्म भरावा लागतो त्यावर हा प्रश्न स्पष्ट विचारलेला असतो. अमली पदार्थांच्या त्याच प्रश्नाला खोटं उत्तर दिल्याच्या आरोपाखाली जून २०२४ मध्ये खुद्द तेव्हाच्या राष्ट्राध्यक्षांचा मुलगा हंटर बायडन डेलावेअरच्या ज्युरीकडून दोषी ठरला होता. पुढे वडिलांनी त्याला माफी दिली. आपल्याला तसा माफी देणारा कुणी नाही.

नावांचा घोळ

पासपोर्टवर ‘गिव्हन नेम’मध्ये स्वतःचं आणि वडिलांचं नाव एकत्र. ड्रायव्हिंग लायसन्सवर वडिलांचं नाव मधे. ग्रीन कार्डवर स्पेलिंग तिसरंच. बायकांच्या बाबतीत माहेरचं आडनाव, वडिलांच्या जागी नवऱ्याचं नाव, आणि काही घरांत लग्नात बदललेलं पहिलं नावसुद्धा. हे सगळं आपल्याला सवयीचं असतं, पण अर्ज तपासणाऱ्याला ती दोन-तीन वेगळी माणसं दिसतात.

उपाय साधा आहे. अर्जावरचं नाव टेक्सासच्या ड्रायव्हिंग लायसन्सवर आहे तसंच, अक्षरन्‌अक्षर. पूर्वीची नावं विचारलेली असतात तिथे माहेरचं नाव आणि कागदोपत्री आलेलं प्रत्येक वेगळं रूप लिहा. नाव बदलल्याचा कागद, म्हणजे विवाह प्रमाणपत्र, इंग्रजीत हाताशी ठेवा. आणि ड्रायव्हिंग लायसन्सवर जुन्या अपार्टमेंटचा पत्ता असेल तर तो अर्जाआधी बदलून घ्या. लायसन्स मिळाल्यावर घर बदललं तरी ३० दिवसांत कळवावं लागतं. नवं घर घेण्याच्या धावपळीत हे हमखास राहतं.

पैसे भरले म्हणजे अर्ज झाला असं धरणं

ऑनलाइन अर्ज भरून ४० डॉलर गेले की काम संपल्यासारखं वाटतं. तेवढ्याने अर्ज पूर्ण होत नाही. बोटांचे ठसे वेगळी वेळ घेऊन द्यावे लागतात, त्याची फी वेगळी. ग्रीन कार्डच्या वेळी इमिग्रेशनला दिलेले ठसे इथे चालत नाहीत. मग प्रशिक्षणाचं प्रमाणपत्र अपलोड करायचं. कायद्यातली ६० दिवसांची मुदत मोजली जाते ती अर्ज पूर्ण झाल्यापासून. दोन महिने उलटूनही काही हललं नसेल तर फोन करण्याआधी आपल्या खात्यात जाऊन कुठला कागद बाकी दिसतोय ते बघा, आणि डीपीएसची मेल स्पॅममध्ये पडली नाही ना तेही.

अर्ज नाकारला तर पत्रात कारण दिलेलं असतं. ते मान्य नसेल तर पत्र मिळाल्यापासून ३० दिवसांत सुनावणी मागता येते. ती स्थानिक जस्टिस कोर्टात होते. पत्र ड्रॉवरमध्ये ठेवून देणं ही इथली चूक.

वर्ग आणि रेंज

वर्ग चार ते सहा तासांचा. कायदा, बळाचा वापर कधी करता येतो, वाद न चिघळता कसा मिटवायचा, आणि मुलांच्या हाती लागणार नाही असं पिस्तूल कसं ठेवायचं, हे विषय त्यात असतात. हा भाग ऑनलाइन करता येतो, रेंजचा भाग मात्र प्रत्यक्षच. जमत असेल तर वर्गालाही प्रत्यक्ष जा. चांगल्या इन्स्ट्रक्टरला दहा प्रश्न विचारता येतात, स्क्रीनला येत नाहीत.

परीक्षेत ५० गोळ्या असतात: ३ यार्डांवरून २०, ७ यार्डांवरून २० आणि १५ यार्डांवरून १०. एकूण २५० गुण, पास व्हायला १७५. ज्याने दोन-तीनदा नीट सराव केलाय त्याला हे जड नाही. नापास होतात ते बहुधा परीक्षेच्याच दिवशी पहिल्यांदा पिस्तूल हातात घेणारे, किंवा मित्राचं छोटं, खिशात मावणारं पिस्तूल घेऊन येणारे. छोट्या पिस्तुलाचा धक्का हाताला जास्त बसतो. दोन गोळ्यांतच मनगट आकसतं, ट्रिगर दाबायच्या आधी नळी खाली झुकते आणि गोळ्या टार्गेटच्या खालच्या अंगाला जायला लागतात. मध्यम आकाराचं ९ एमएम घ्या आणि त्याच पिस्तुलावर आधी सराव करा. आणि बोट ट्रिगरबाहेर, नळी समोर, ही सवय अंगी बाणल्याशिवाय परीक्षेला जाऊच नका. नेम चुकला तर गुण जातात. भरलेलं पिस्तूल हातात घेऊन नकळत मागे वळलात तर इन्स्ट्रक्टर तिथल्या तिथे थांबवेल, आणि त्याचं बरोबरच आहे.

लायसन्स मिळाल्यावर

मंडळाचा गणपती, दिवाळीचा कार्यक्रम, रविवारची मराठी शाळा, यातलं पुष्कळसं भाड्याने घेतलेल्या शाळेच्या इमारतीत होतं. लायसन्स असलं तरी शाळेच्या इमारतीत पिस्तूल नेणं हा टेक्सासमध्ये थर्ड डिग्री फेलनी, म्हणजे गंभीर गुन्हा आहे, आणि शाळेला सुट्टी आहे म्हणून तो बदलत नाही. आरतीच्या गर्दीत कमरेला काय आहे हे विसरून आत शिरू नका. पिस्तूल घरी ठेवा. अगदीच बरोबर असेल तर गाडीत, कुलूपबंद.

मंदिरात, दुकानात, हॉटेलात दारावरच्या पाट्या वाचा. ३०.०६ ची पाटी म्हणजे लायसन्सधारकाने लपवून आणायचं नाही, ३०.०७ म्हणजे उघड आणायचं नाही. बारबाहेर लाल अक्षरांत ५१% लिहिलेलं असेल तर आत नेणं गुन्हा. आणि पोलिसाने ओळखपत्र मागितलं, त्या वेळी पिस्तूल जवळ असेल, तर ड्रायव्हिंग लायसन्सबरोबर एलटीसीही दाखवायचं. हात स्टिअरिंगवर ठेवून, आधी सांगून, मग सावकाश.

घरात मुलं असतील तर कुलपाची पेटी पिस्तुलाच्या आधी घ्या. भरलेलं पिस्तूल निष्काळजीपणे ठेवलं आणि ते १७ वर्षांखालच्या मुलाच्या हाती लागलं, तर तोही टेक्सासमध्ये गुन्हा आहे. कपाटाचा वरचा कप्पा म्हणजे कुलूप नव्हे. मुलांना तो ठाऊक असतो.

राज्याबाहेर जाताना लुइझियाना, ओक्लाहोमा, न्यू मेक्सिकोत टेक्सासचं लायसन्स चालतं. न्यू जर्सी, न्यू यॉर्क, कॅलिफोर्निया, इलिनॉयमध्ये चालत नाही. २०१३ मध्ये शेजारच्या पेनसिल्व्हेनियाचं लायसन्स असलेल्या एका महिलेने न्यू जर्सीत पोलिसांना आपणहून सांगितलं की गाडीत पिस्तूल आहे, आणि तिच्यावर गुन्हा दाखल झाला. २०१५ मध्ये गव्हर्नरने माफी दिली म्हणून ती सुटली. एडिसनच्या बहिणीकडे गाडीने निघायचं असेल तर हे लक्षात असू द्या.

विमानतळांवर २०२४ मध्ये टीएसएने (प्रवाशांची तपासणी करणाऱ्या फेडरल यंत्रणेने) ६,६७८ बंदुका तपासणीत पकडल्या, त्यांतल्या सुमारे ९४ टक्के भरलेल्या होत्या. डॅलस-फोर्ट वर्थचा विमानतळ त्या यादीत अगदी वरचा आहे. त्यातले बरेच जण सांगतात की बॅगेत आहे हे विसरलोच होतो.

भारतात जाताना तर पिस्तूलही लागत नाही, एक काडतूस पुरतं. रेंजवर नेलेली सॅक धुऊन-पुसून प्रवासाला काढली जाते, कुठल्यातरी आतल्या खिशात ९ एमएमची एक गोळी अडकलेली असते, आणि ती दिसते मुंबई किंवा दिल्लीच्या स्कॅनरवर. मग १९५९ च्या शस्त्र कायद्याखाली गुन्हा, चुकलेलं विमान, वकील. ते काडतूस जाणूनबुजून बाळगलेलं नव्हतं हे पटल्यावर हायकोर्टांनी अशा केसेस रद्द केल्या आहेत, पण तिथवर पोचायला महिने जातात, आणि इकडे सुट्टी संपलेली असते. रेंजसाठी वेगळी बॅग ठेवा, तिला रंगीत रिबन बांधा, आणि घरात सगळ्यांना सांगून ठेवा की ही बॅग रेंजखेरीज कुठेही न्यायची नाही.