प्राध्यापक भरतीत पात्रतेचा वाद : या चुका टाळा

भक्कम शैक्षणिक बाजू असलेले उमेदवार कोर्टात हरतात, तेव्हा जीव तुटतो. पदवी असते, अनुभव असतो, पण कुठली तरी तारीख हुकलेली असते.

सर्वांत जास्त घात होतो पीएच.डी.च्या तारखेवरून. एक फाईल आजही डोळ्यांसमोर आहे. मौखिकी (प्रबंधावरची तोंडी परीक्षा) झालेली, मार्गदर्शकांचं पत्र जोडलेलं. अर्जाची मुदत सोमवारी संपली आणि पीएच.डी. बहाल केल्याची विद्यापीठाची अधिसूचना निघाली त्याच आठवड्यातल्या गुरुवारी. मुलाखतीपर्यंत पदवी हातात आली असती, तरी छाननीतच अर्ज बाद झाला. वाईट वाटलं, पण छाननी समितीचं चुकलं नव्हतं. राजस्थान विद्यापीठाच्या भरतीवरून झालेल्या रेखा चतुर्वेदी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 1993 सालीच सांगितलंय की पात्रता अर्जाच्या शेवटच्या तारखेला पाहायची, निवडीच्या दिवशी नाही. जाहिरातीत वेगळी तारीख दिली असेल, तर ती धरायची. म्हणून फॉर्म भरण्याआधी अधिसूचनेवरची तारीख स्वतःच्या डोळ्यांनी बघा. ‘मौखिकी झाली म्हणजे पदवी मिळालीच’ हे कुणी कितीही छातीठोकपणे सांगितलं तरी त्यावर विसंबू नका.

नेट-सेट या प्राध्यापकपदाच्या पात्रता परीक्षा पास नसलेल्यांनी आणखी जपायला हवं. 11 जुलै 2009 पूर्वी पीएच.डी.ला नोंदणी झालेल्यांना नेटमधून सूट मिळते, पण यूजीसीच्या 2018 च्या विनियमांत त्यासाठी पाच अटी आहेत: नियमित पद्धतीने पदवी, किमान दोन बाह्य परीक्षक, खुली मौखिकी, दोन शोधनिबंध प्रसिद्ध (त्यातला एक तरी रेफरीड, म्हणजे तज्ज्ञांकडून निबंध तपासून घेणाऱ्या जर्नलमध्ये) आणि परिषदांमध्ये दोन निबंधांचं सादरीकरण. हे सगळं कुलसचिव किंवा शैक्षणिक अधिष्ठात्यांनी प्रमाणित केलेलं लागतं. मार्गदर्शकांची किंवा विभागप्रमुखांची सही चालत नाही. हे प्रमाणपत्र मिळवायला वेळ जातो, त्यामुळे जाहिरात निघाल्यावर धावाधाव करण्यापेक्षा आधीच मागून ठेवा. महाराष्ट्रात 19 सप्टेंबर 1991 ते 3 एप्रिल 2000 या काळात लागलेल्या बिगर नेट-सेट प्राध्यापकांनी नेट-सेटच्या एका अटीपायी किती वर्षं हेलपाटे घातले, हे त्या पिढीतल्या कुणालाही विचारा.

‘माझा विषय समकक्षच (जाहिरातीत मागितलेल्या विषयाच्या बरोबरीचाच) आहे, कोर्ट समजून घेईल’ हा भरवसाही धोक्याचा. समकक्षता ठरवणं हे न्यायालयाचं काम नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने 2018 साली झहूर अहमद राथर खटल्यात स्पष्ट केलं. म्हैसूर विद्यापीठाच्या जुन्या खटल्यात वाद होता तो इंग्रजीच्या रीडरच्या (अध्यापकाच्या एका पदाच्या) पात्रतेवरून. तिथेही तज्ज्ञांच्या मंडळाने काढलेला निष्कर्ष न्यायालयाने सहजी उलटवू नये, हीच भूमिका घेतली गेली. तेव्हा समकक्षतेचं पत्र सक्षम अधिकाऱ्याकडून आधी घ्या आणि अर्जाला जोडा.

गप्प बसून मुलाखत देणं आणि नाव आलं नाही की दाद मागणं, ही चूक तर फारच महागात पडते. लखनौ विद्यापीठातल्या प्राध्यापकपदाच्या एका उमेदवाराने निवड समितीवर पक्षपाताचा आक्षेप निकालानंतर घेतला. आधी सगळं ठाऊक असून तो समितीसमोर बसला होता, म्हणून 1976 साली सर्वोच्च न्यायालयाने त्याला दाद दिली नाही. आक्षेप असेल तर तो मुलाखतीपूर्वी लेखी द्या आणि पोच म्हणून आवक शिक्का मारलेली प्रत घ्या. भरती मध्यावर आली असताना पात्रतेचे निकष बदलले, तर तेही लगेच कळवा. जाहिरातीतल्या निकषांत असा बदल एरवी करता येत नाही, हे 2024 च्या तेज प्रकाश पाठक निकालाने पक्कं केलं आहे. मात्र आधीच्या नियमांत किंवा जाहिरातीतच तशी मुभा ठेवली असेल तर गोष्ट वेगळी, म्हणून जाहिरातीतल्या सर्वसाधारण सूचनाही वाचा.

शेवटी याचिका करावीच लागली, तर निवड झालेल्या उमेदवाराला प्रतिवादी करायला विसरू नका. ज्याची नेमणूक जाणार, त्याचं म्हणणं ऐकल्याशिवाय न्यायालय ती रद्द करत नाही. निवड यादीची प्रत हाती नसेल, तर ती माहिती अधिकारात मागवा. 30 दिवसांची मुदत असते, पण उत्तराची वाट पाहत याचिका मात्र अडवून ठेवू नका.