‘गप्पी काय, कसाही जगतो’ म्हणण्याआधी या चुका टाळा

बेळगावच्या वडगावातल्या आमच्या जुन्या घराच्या परसात पाण्याचा हौद आहे. डासांच्या अळ्या खायला म्हणून आरोग्य खात्याच्या ताईंनी कधीकाळी त्यात पिशवीभर गप्पी मासे सोडले होते. त्यांना फिल्टर नाही, हिटर नाही, कुणी चिमूटभर खाणंही घालत नाही. तरी त्यांच्या पिढ्यांवर पिढ्या तिथं नांदतात.

हाच हौद बघून लोक फसतात. ‘गप्पी काय, कसाही जगतो की!’ म्हणत दुकानातनं लाल शेपटीची जोडी आणतात, आठवड्यात मासे उताणे होतात आणि मग मला फोन येतो. जात एकच असली तरी हौदातला गप्पी आणि दुकानातला गप्पी यांत फार अंतर आहे. हौदातला राखाडी, अंगावर चार ठिपके असलेला. त्यातला जो दुबळा होता तो केव्हाच मेला, जे उरले ते चिवट. दुकानातले फुल रेड, मॉस्को ब्लू, डंबो इअर हे वाण शेपटीसाठी, रंगासाठी, कानासारख्या परांसाठी जवळच्या नात्यात जुळवत आणलेले आणि उबदार पाण्यात वाढवलेले. त्यांचं रूप माणसानं घडवलंय, तेव्हा त्यांची काळजीही माणसानंच घ्यायची.

(मुलं विचारतात, गप्पा मारतो म्हणून गप्पी काय? नाही. त्रिनिदादहून हे मासे लंडनच्या म्युझियमला धाडणाऱ्या गप्पी नावाच्या साहेबावरून 1866 मध्ये ते नाव पडलं.)

शेपूट बघून मासा घेणं

सगळ्यांत मोठी चूक हीच, आणि मी स्वतः केलेली. एका दिवाळीत शहरातल्या एका दुकानातनं पाच फुल रेड नर आणले. काय शेपट्या होत्या! पदर उलगडावा तशा. दुकानदार म्हणाला, ‘आजच माल आलाय, निवडून घ्या.’ मी निवडले आणि घरी येऊन थेट मोठ्या टाकीत सोडले. त्या टाकीत माझे स्वतः वाढवलेले चाळीसेक मासे होते.

महिनाभर सगळं छान. मग माद्या बारीक होऊ लागल्या. खात होत्या, तरी पोट आत. एका सकाळी टॉर्च घेऊन काचेला डोळा लावून बसलो. एक मादी शांत थांबली होती आणि तिच्या शेपटीच्या मुळाशी, विष्ठेच्या जागेतनं, तीन लाल दोरे बाहेर आले होते. ब्रशच्या केसाएवढे, त्याहून बारीकच. मादी हलली की दोरे आत, थांबली की परत बाहेर. कॅमॅलॅनस नावाचे आतड्यातले जंत. तोवर निम्म्या टाकीला लागण झाली होती.

गुरांच्या डॉक्टरांना विचारून जनावरांच्या औषधांच्या दुकानातनं लेव्हामिसोल आणलं. लिटरला 2 मिलिग्रॅम या मापानं टाकीत घातलं आणि टाकीवर चादर टाकली, कारण उजेडात हे औषध निकामी होतं. ते जंतांना लुळं करतं, मारत नाही. म्हणून दुसऱ्या दिवशी नळीनं तळ ओढून घेतला, भरपूर पाणी बदललं आणि तीन आठवड्यांनी सगळं परत केलं. चाळीसपैकी नऊ वाचले. त्यांत मी सहा वर्षं जपलेल्या वाणाची एकच मादी होती.

तेव्हापासून दुकानात गेलो की आधी टाकीवरचा निळा-लाल लाइट बंद करायला सांगतो. त्या उजेडात पांढरट मासाही माणकासारखा दिसतो. मग दहा मिनिटं नुसता उभा राहतो. दुकानदार वैतागला तरी चालेल. शेपूट सगळ्यांत शेवटी बघतो. आधी पाठीचा कणा सरळ आहे का, पाठीवरचा पर ताठ आहे का, पोट आत गेलंय का. शेपूट काडीसारखी मिटून, अंग डोलवत एका जागी पोहणारा मासा आजारी असतो. विष्ठा पांढरी आणि दोऱ्यासारखी लांब लोंबत असेल तर पोटात काहीतरी आहे. चिमूटभर खाणं घालायला लावतो, पहिल्यांदा झेपावणारे कोण ते हेरतो. त्या टाकीत एक जरी मेलेला मासा दिसला तरी तिथला दुसरा कितीही देखणा असू दे, घेत नाही. आणि ‘आजच आला’ म्हटलं की आठ दिवसांनी येतो म्हणून सांगतो.

पूर्ण फुललेल्या शेपटीचा नर मी आता घेतच नाही. गप्पीचं आयुष्य दोन वर्षांच्या आसपास, त्यातलं बरंचसं त्यानं दुकानात येण्याआधीच जगून घेतलेलं असतं. शिवाय एवढं ओझं ओढून तो दमतो. तीन-साडेतीन महिन्यांचा, शेपूट अजून भरत असलेला नर घ्या. तुमच्या डोळ्यांसमोर तो फुलेल. घरी आणलेला कुठलाही मासा महिनाभर वेगळ्या टबात ठेवा. त्या टबाची जाळी वेगळी, नळी वेगळी. माझ्याकडे पुण्याहून पाहुण्यानं आणलेला मासा असो नाहीतर शेजारच्या घरातला, नियम तोच.

वाण राखायचा असेल तर आणखी एक. मादी नराचं बीज कित्येक महिने पोटात साठवून ठेवते. दुकानातनं आणलेल्या मादीला तुमच्या नराशेजारी ठेवलं आणि महिन्यानं पिल्लं झाली, तर ती तुमच्या नराची असतीलच असं नाही. चार रंग एकत्र टाकले की दोन-तीन पिढ्यांत सगळे हौदातल्यासारखे राखाडी होतात. एका टाकीत एकच वाण ठेवा, मनाला कितीही मोह झाला तरी.

नवी टाकी, त्याच दिवशी मासे

वाढदिवस आहे, पोरगं हट्ट करतंय, टाकी आणली, पाणी भरलं, संध्याकाळी मासे सोडले. तिसऱ्या-चौथ्या दिवशी मासे वर येऊन धापा टाकतात. माशाच्या मूत्र-विष्ठेतनं अमोनिया होतो. त्याचं नायट्राइट आणि पुढं नायट्रेट करणारे जिवाणू फिल्टरच्या स्पंजात, खड्यांत घर करतात, आणि त्यांना स्थिरावायला चार ते सहा आठवडे लागतात. तोवर पाणी काचेसारखं स्वच्छ दिसलं तरी विषारी असतं. दुकानात बाटलीत मिळणारं ‘एका दिवसात टाकी तयार’ घालून कुणाची सुटका झालेली मी पाहिलेली नाही. माझा साधा उपाय: ओळखीच्याच्या निरोगी टाकीतला जुना स्पंज मागून आणायचा आणि रोज किंचित खाणं घालत रिकामी टाकी महिनाभर चालू ठेवायची. ज्याला महिनाभर रिकाम्या टाकीकडे बघवत नाही त्याला मासे पाळणं जमणार नाही, हे मी तोंडावर सांगतो.

स्पंज नळाखाली धुणं

ही वरच्या चुकीचीच बहीण, पण जुन्या, चांगल्या चाललेल्या टाकीचा घात करते. गणपतीच्या आधी घराची साफसफाई चालली होती. पुतण्यानं प्रेमानं टाकीही हातात घेतली. मी कामावर होतो. खडे घासले, स्पंज नळाखाली पिळून पिळून पांढरा केला, नळाचंच पाणी भरलं. ‘काका, आरशासारखी केलोय बघा!’ खरंच चकचकीत होती. पहाटे त्याचीच हाक आली, ‘काका, मासे सगळे वर येऊन तोंड उघडायलेत!’ पावसाळ्याचे दिवस, राकसकोप धरणाचं पाणी गढूळ, नळाला क्लोरीनचा वास येत होता. क्लोरीननं कल्ले जाळले, वर जिवाणूही मारले. दुपारपर्यंत अकरा गेले. पोरगं दोन दिवस धड जेवलं नाही. त्याचा काही दोष नव्हता, त्याला कुणी सांगितलंच नव्हतं.

म्हणून सांगतो. टाकीतलंच पाणी बादलीत काढा, त्यात स्पंज दोनदा दाबा, बास. तो तपकिरीच राहू दे, ती घाण नाही. खडे आणि स्पंज एकाच दिवशी कधीही धुऊ नका. पाणी आठवड्याला पाव भाग बदला. नळाचं असेल तर उघड्या पिंपात एक दिवस ठेवून, शिवाय दहा लिटरच्या बादलीत हरभऱ्याच्या डाळीएवढा हायपोचा (क्लोरीन घालवणाऱ्या सोडियम थायोसल्फेटचा) खडा विरघळवून. बोअरच्या पाण्याला हायपो नको, पण रात्रभर हवेची मोटर लावून मगच घाला.

बाकीच्या

हिटर नसणं. बेळगाव म्हणजे गरिबांचं महाबळेश्वर, डिसेंबर-जानेवारीत पहाटे पारा 13-14 अंशांवर उतरतो. शोभेच्या गप्पीला 24 ते 26 अंश हवेत. 50 लिटरला 50 वॉटचा हिटर पुरतो. संक्रांतीच्या सुमारास अंगावर मीठ सांडल्यासारखे ठिपके दिसले म्हणून विचारणाऱ्या बहुतेकांच्या टाकीत हिटर नसतो.

पाणी न ओळखणं. खानापूरकडच्या तांबड्या मातीतल्या विहिरींचं पाणी मऊ, म्हणजे क्षार कमी असलेलं, त्यात गप्पी हळूहळू खंगतो. त्याला जड, क्षारांचं पाणी मानवतं, पीएच सातच्या वर. गोव्याला गेलात तर मूठभर शिंपले आणा, उकळा आणि जाळीच्या पिशवीत घालून फिल्टरजवळ टांगा. अथणीकडच्या काळ्या रानातल्या बोअरवाल्यांना हा प्रश्न सहसा येत नाही.

चुरमुरे घालणं. घालू नका. भात, चपातीसुद्धा नाही. दोन मिनिटांत संपेल एवढंच माशांचं खाणं, दिवसातनं दोनदा.

आजार न ओळखता मीठ, निळं औषध, पिवळी पावडर एकदम ओतणं. आधी पाणी बदला, मग डोळे उघडे ठेवून बघा.

एका मादीमागं तीन नर ठेवणं. मादी पळून पळून मरते. एका नराला दोन-तीन माद्या ठेवा, आणि पिल्लांना लपायला जावा मॉस या पाण्यातल्या शेवाळाचा दाट गुच्छ. पिल्लं घालण्यासाठी म्हणून मिळणाऱ्या प्लास्टिकच्या पेटीत मादीला कोंडू नका, घाबरून ती कच्ची पिल्लं टाकते.

वाढलेली पिल्लं नाल्यात, तळ्यात, मार्कंडेय नदीत सोडणं. अजिबात नको. हा परदेशी मासा, आपल्या ओढ्यांतल्या बारक्या माशांच्या तोंडचं खाणं हिसकावतो. दुकानाला द्या, नाहीतर ओळखीत वाटा.

मी वाटतो, पण टाकी महिनाभर चालवून दाखवेल त्यालाच. खानापूरचा एक कॉलेजचा पोरगा दोनदा रिकाम्या हातानं परत गेला होता. पाच आठवड्यांनी तो टाकीतलं बाटलीभर पाणी आणि शिंपल्यांच्या पिशवीचा फोटो घेऊन आला. पाणी तपासलं, अमोनिया शून्य, नायट्राइट शून्य. दोन नर, चार माद्या दिल्या, सगळे अडीच महिन्यांचे. पिशवी उजेडात धरून तो बराच वेळ बघत राहिला.

‘शेपूट कधी येणार, काका?’

‘होळीपर्यंत,’ म्हटलं. पिशवी शर्टाच्या आत, पोटाशी धरून तो बस पकडायला गेला. बाहेर थंडी होती.