आरटीएच्या, म्हणजे रस्ता अपघाताच्या, केसला कोड कसा लावायचा

आमचं हॉस्पिटल पुणे-बंगळूर हायवेलगत आहे, त्यामुळे एमआरडीत, म्हणजे रेकॉर्ड विभागात, अपघाताच्या पेपरांचा गठ्ठा कायम वेगळा बांधावा लागतो. नवीन मुलं रुजू झाली की मी त्यांच्या हातात आधी तोच ठेवते. मधुमेहाचा कोड पुस्तक उघडून कोणीही लावेल, अपघाताचा लावायला केसपेपर वाचता यावा लागतो. खाली सांगते ते जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० प्रमाणे, म्हणजे आजार-इजांच्या कोडांच्या यादीच्या दहाव्या आवृत्तीप्रमाणे. अमेरिकन चार्ट करणाऱ्यांसाठी शेवटी थोडं आहे.

डिस्चार्ज कार्डावर विसंबू नका. तिथे 'एच/ओ आरटीए' (अपघाताचा इतिहास) एवढं लिहून डॉक्टर मोकळे होतात, कारण त्यांचं लक्ष हाडाकडे असतं. अपघात कसा झाला हे कॅज्युअल्टीच्या पेपरवर, एमएलसीच्या (पोलिसांना कळवायच्या केसच्या) नोंदीत नाहीतर सिस्टरच्या ॲडमिशन नोटमध्ये सापडतं. रात्री घाबरलेल्या नातेवाइकांनी जे सांगितलं, ते सिस्टरने जसंच्या तसं उतरवलेलं असतं. निदान मात्र डॉक्टरांचंच घ्यायचं. एक्स-रे पाहून आपण फ्रॅक्चर ठरवायचं नाही.

एक केस घेऊ. समजा अठ्ठावन्न वर्षांच्या बाई, नवऱ्याच्या स्कूटरवर मागे बसलेल्या. कारखान्याच्या रस्त्यावर रात्री उसाच्या बैलगाडीला धडक. उजव्या पायाचं बोथ बोन फ्रॅक्चर, म्हणजे गुडघ्याखालची दोन्ही हाडं मोडलेली, जखमेतून हाड दिसतंय. मनगटाजवळ रेडियसचं (अंगठ्याकडच्या हाडाचं) साधं फ्रॅक्चर. कपाळावर टाके.

आधी इजा. नडगीच्या (टिबियाच्या) मधल्या भागाचं फ्रॅक्चर एस ८२.२, आणि यात फिब्युला, म्हणजे शेजारचं बारीक हाड, मोडलं असो वा नसो, कोड हाच. 'बोथ बोन' वाचून दोन कोड टाकायची हौस नको. पाचवा अंक शून्य म्हणजे बंद, एक म्हणजे उघडं. डॉक्टरांनी काहीच लिहिलं नसेल तर बंद धरायचं. इथे एस ८२.२१. त्याच जागच्या जखमेला वेगळं मुख्य निदान करू नका, फ्रॅक्चरच मुख्य. मनगटाला एस ५२.५०, कपाळाला एस ०१.८. हाताच्या बोथ बोनला मात्र स्वतःचा कोड आहे, एस ५२.४.

मुख्य निदान कोणतं, यावर वाद होतो. डोक्याच्या केसेसमध्ये नियम स्पष्ट आहेत. कवटी मोडली आणि आत मेंदूलाही इजा, तर मेंदूची इजा आधी. आत रक्तस्राव आणि बाकी फक्त डोक्यालाच इतर इजा, तर रक्तस्राव आधी: एपिड्युरल (मेंदूच्या बाहेरच्या आवरणावर) एस ०६.४, सबड्युरल (त्या आवरणाखाली) एस ०६.५. पोटातली प्लीहा फाटलीय आणि वर नुसतं खरचटलंय, तर प्लीहा, एस ३६.०. टी ०७, म्हणजे 'अनेक इजा, तपशील नाही', हा कोड दिसला की मी पेपर परत करते. केसपेपरात तपशील असतो, वाचलेला नसतो.

आता व्ही कोड, म्हणजे अपघात कसा झाला त्याचा कोड. खरी मजा इथेच. पहिला प्रश्न: जखमी माणूस कशावर होता? धडक कुणी दिली हे नंतर. पायी असेल तर व्ही ०१ ते ०९, सायकल १० ते १९, मोटरसायकल-स्कूटर २० ते २९, रिक्षा ३० ते ३९, कार ४० ते ४९, ट्रक ६० ते ६९, बस ७० ते ७९. आपली रिक्षा तीनचाकी मोटर वाहनात बसते, तिला कारमध्ये ढकलू नका.

दुसरा प्रश्न: कशाला धडकला? दुचाकीसाठी २० म्हणजे पादचारी किंवा जनावर, २२ दुचाकी किंवा तीनचाकी, २३ कार-व्हॅन, २४ ट्रक किंवा बस, २६ बिनमोटरचं इतर वाहन, २७ खांब-दुभाजक, २८ म्हणजे धडकच नाही. कुत्रं आडवं आलं आणि गाडी त्याला लागली तर २०. कुत्र्याला वाचवताना गाडी घसरली, कुत्रं पळून गेलं, तर २८. खड्ड्यात पडले तेही २८. एवढ्यासाठीच सिस्टरची नोट वाचायची.

तिसरा प्रश्न: चालवत होता की मागे? रस्त्यावरच्या अपघातात दुचाकीचालकाला .४, मागे बसलेल्याला .५. वाहनाच्या गटानुसार हे अंक बदलतात, रिक्षाचालक .५ आणि प्रवासी .६, म्हणून पाठांतरावर जाऊ नका. जागा लिहिलेली नसेल तर अपघात सार्वजनिक रस्त्यावरच झाला असं धरतात. सोसायटीच्या पार्किंगमध्ये झाला असेल आणि तसं लिहिलं असेल, तर अंक वेगळा.

बैलगाडी बिनमोटरच्या वाहनात. म्हणून आपल्या बाई व्ही २६.५, आणि पुढे बसलेल्या यजमानांना काही लागलं असेल तर ते व्ही २६.४.

व्ही कोड ॲडमिशनच्या केसमध्ये कधीच पहिला येत नाही. पेशंट दगावला तर उलटं होतं: मृत्यूचं मूळ कारण म्हणून व्ही कोडच जातो. त्यामुळे मृत्यूच्या वैद्यकीय कारणाच्या दाखल्यावर डॉक्टरांनी नुसतं 'हेड इंज्युरी' लिहिलं असेल तर लगेच फोन करा. नंतर कुणाला काही आठवत नाही.

दारूचं सांभाळून. कॅज्युअल्टीत 'वास येतो' लिहिलं म्हणून रक्तातल्या पातळीचा वाय ९० लावायचा नाही. त्याला रिपोर्ट लागतो. मेडिक्लेमच्या फॉर्मच्या भाग 'ब' मध्ये इजेचं कारण, एमएलसी, पोलिसांना कळवलं का, हे सगळं विचारतात. तिथली खूण आणि तुमचा कोड जुळला नाही की टीपीएची (विमा कंपनीसाठी क्लेम तपासणाऱ्या संस्थेची) क्वेरी आलीच, आणि मग पेशंटचे नातेवाईक बिलिंगच्या खिडकीवर ताटकळतात. त्यांचा दोष काय?

वर्षभराने त्याच बाई प्लेट काढायला येतात. तेव्हा जुना एस ८२ काढून चिकटवायचा नाही, झेड ४७.० लावायचा. हाड वेडंवाकडं जुळलं असेल किंवा कायमचं लंगडणं राहिलं असेल तर टी ९० ते ९८ मधला परिणामाचा कोड आणि कारण म्हणून वाय ८५.

अमेरिकन आवृत्ती, म्हणजे आयसीडी-१०-सीएम, करणाऱ्यांनी वरचं सगळं जसंच्या तसं उचलू नये. तिथे टिबिया आणि फिब्युला वेगळे कोड होतात, डावं-उजवं लिहावं लागतं आणि सातवं अक्षर लागतं. 'ए' म्हणजे पहिली भेट नव्हे, उपचार अजून सक्रिय चालू आहेत असा त्याचा अर्थ. उघड्या फ्रॅक्चरला गस्टिलो प्रकार (जखम किती गंभीर, त्याची प्रतवारी) बघून 'बी' किंवा 'सी'. ऑक्टोबर २०२२ पासून दुचाकीच्या बऱ्याच कोडांत इलेक्ट्रिक सायकल वेगळी केली आहे: ट्रकशी धडकलेला ई-बाईकवाला व्ही २४.४१, साधा मोटरसायकलवाला व्ही २४.४९, आणि सातव्या अक्षराआधी मोकळ्या जागी 'एक्स'. जुनी पीडीएफ उघडून बसलात तर तो कोड तिथे मिळणारच नाही.